ज्याची गोष्ट त्याचा कर्णा

ताई श्रावणात वारली. सकाळी तिला अग्नी दिला आणि दुपारी दाजींनी रिक्षा बाहेर काढली. स्मशानातून परतलेली माणसं अजून दारात पाय धूत होती, तेव्हा मुरबाडच्या बाजारपेठेत टपावरच्या कर्ण्यातून दाजींचा आवाज आला, "तमाम नागरिकांना कळविण्यात येते की सौ. सुमन काशिनाथ देसले या टोकावडे येथे माहेरी गेल्या आहेत. दिवाळीनंतर परत येतील."

टोकावड्याचं ते माहेर म्हणजे माझं घर. मी तिचा धाकटा भाऊ, शाळामास्तर. त्या वेळी मी दाजींच्याच ओट्यावर बसलो होतो.

रिक्षावर कर्णा लावून गावभर सांगत फिरायचं, हा काशिनाथदाजींचा धंदा. साड्यांचा सेल, पोलिओचा डोस, जत्रेतला तमाशा, हरवलेली म्हैस आणि गावातलं मरण. "अंत्ययात्रा राहत्या घरातून निघेल" हे वाक्य ते इतकं सावकाश म्हणत की चहावाला स्टोव्ह बारीक करायचा. पण लोकांचं सांगून झालं की "आणि जाता जाता" म्हणून ते स्वतःचं सुरू करत. "काशिनाथ देसले काल लग्नाच्या मांडवात पडले. ते प्यायलेले नव्हते. शेणावरून पाय घसरला. साक्षीदार म्हैस अजून तिथेच बांधलेली आहे."

"दाजी, हे कशाला?" मी विचारायचो.

"मास्तर, ज्याची गोष्ट त्याचा कर्णा. आपली गोष्ट आपून सांगायची. गावानं आधी सांगितली का ती गावाची झाली. मंग तुमी बसा नाय नाय म्हनत." माझ्या हातातल्या पुस्तकाकडे हनुवटी करून पुढे म्हणायचे, "तुमी वाचा लोकांच्या. मी माझी करतो."

आणि ते खरोखरच करत. चुकलं तर दुरुस्तही करत. "काशिनाथ देसले यांनी सकाळी आमटीला नावं ठेवली, असं आमच्याकडून सांगण्यात आलं होतं. ते रद्द समजावं. आमटी उत्तम होती." ते रद्द होईपर्यंत ताईने त्यांना जेवायला वाढलं नव्हतं.

त्यांना मूल नव्हतं. हळदीकुंकवाला बायका ताईला बोलावत, पण ओटी भरताना तिला वगळत. एकदा ती डोळे पुसत घरी आली. दुसऱ्या दिवशी आठवड्याचा बाजार होता. भर बाजारात रिक्षा उभी करून दाजी म्हणाले, "मूल नसण्याचा दोष काशिनाथ देसले यांच्यात आहे, असं डॉक्टरांनी सांगितलं आहे. सौ. सुमन यांना कोणी विचारू नये. शंका असल्यास रिक्षापाशी यावं."

ताई बेंबीच्या देठापासून ओरडली, "अवो, आता मी बाजारात जाऊ कशी?"

"मान वर करून जा," दाजी म्हणाले.

पुढे कधीतरी भात पाखडता पाखडता ताई मला म्हणाली, "डॉक्टरांनी उलटं सांगितलं व्हतं रे." आणि सूप जोरात आपटू लागली.

ताई गेल्यानंतरच्या सुतकात मी त्यांना म्हणालो, "दाजी, माझं एवढं ऐका. सगळ्या मुरबाडची मरणं तुम्ही सांगितलीत. तिचंही सांगा. एकदाच."

दाजी कर्ण्यावरची धूळ पुसत होते. "तसं सांगितलं का संपलं, मास्तर. माहेरी गेली सांगितलं का येनं बाकी ऱ्हातं."

गावाने त्यांना कधी खोटं पाडलं नाही. ज्यांनी तिला खांदा दिला तेच मला मुरबाडच्या दुकानात विचारायचे, "सुमनवहिनी बऱ्या हायत ना?" मी मान हलवून सामान घेऊन बाहेर पडायचो. माझ्या बहिणीला कोणी मेलेली म्हणेना. मग मी रडायचं कोणापाशी?

दरवर्षी भाऊबीजेला ताई आमच्याकडे यायची आणि दुसऱ्या दिवशी दाजी तिला न्यायला यायचे. मी म्हणायचो, "राहू द्या अजून आठ दिवस." ते म्हणायचे, "जमायचं नाय. घरात चूल पेटत नाय." हे बोलणं ठरलेलं. त्यानंतर चहा, आणि दोघं परतीच्या गाडीला.

त्या वर्षी भाऊबीजेला आमच्याकडे पाट मांडला नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी एसटी थांबली आणि दाजी उतरले. इस्त्रीचा सदरा, नुकतीच केलेली दाढी, हातात जिलेबीचा पुडा. ओट्यावर टेकले. आत न बघताच म्हणाले, "तयार झाली का? न्यायला आलोय."

माझी बायको दारातून आत वळली. मी ठरवलं होतं, आता स्पष्ट बोलायचं. ताई नाही, दाजी. तुम्हीच तिला अग्नी दिलात. एवढी दोन वाक्यं होती. मी तोंड उघडलं आणि म्हणालो, "राहू द्या अजून आठ दिवस."

दाजींनी माझ्याकडे पाहिलं. जिलेबीचा पुडा ओट्यावर ठेवला.

"बरं," ते म्हणाले. "ऱ्हाऊ दे."

इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्यांनी माझं ऐकलं होतं. चहा न घेता ते रस्त्यावर जाऊन उभे राहिले. कर्णा नसला की त्यांचा आवाज किती बारीक होता, हे मला तेव्हा कळलं.

पुढच्याही दिवाळ्यांना ते आले. दरवेळी मी तेच म्हणालो. दरवेळी त्यांनी ऐकलं.

आता दाजीही नाहीत. त्यांचं मरण दुसऱ्याच्या रिक्षाने सांगितलं, साड्यांच्या सेलनंतर, घाईघाईत. ताईचं अजून कोणी सांगितलेलं नाही.