उस्मानभाई आणि एनेको

उस्मानभाई परकार कुणालाही नावानं हाक मारायच्या आधी त्या नावाचा अर्थ विचारून घेत. अर्थ कळला नाही, तर "ओ भाऊ", "ओ साहेब" किंवा नुसतं खाकरून भागवत. पण नाव म्हणून तोंडातून काढत नसत.

मी कुवेतला नवा होतो तेव्हाची गोष्ट. मिरकाबमधल्या एका जुन्या इमारतीत कंपनीनं आम्हाला दोन खोल्या दिल्या होत्या. पहिल्याच दिवशी जिन्यात एक जाडजूड गृहस्थ पाण्याची बादली घेऊन वाटेत उभे.

"मराठी काय?"

"हो. मी मधुसूदन."

"आधी मतलब सांगा."

"मधु नावाच्या राक्षसाला मारणारा," मी म्हटलं.

त्यांनी बादली खाली ठेवली. "का मारला?"

ते मला माहीत नव्हतं. काहीतरी पुटपुटलो.

"आन् घरात तुम्हाला काय म्हणतात?"

"मधू."

उस्मानभाईंचा चेहरा पडला. "म्हणजे मारला त्याच्याच नावानं हाक? आन् आईबापाच्या ध्यानात आला नाय?"

तेव्हापासून ते मला सूदनराव म्हणू लागले. सूदन म्हणजे नुसता 'मारणारा', हे मी त्यांना कधी सांगितलं नाही. माझ्या बायकोचं नाव सिंधू. सिंधू म्हणजे समुद्र, हे कळल्यावर मात्र ते खूश झाले. "याला म्हणतात नाव. काय वयनी?" आणि बादलीतलं अर्धं पाणी आम्हाला देऊन गेले. त्या काळात गोडं पाणी टँकरनं यायचं, तेव्हा ही मोठीच दाद होती.

उस्मानभाई मूळचे रत्नागिरीकडच्या एका खाडीकाठच्या गावचे. मिसरूड फुटायच्या आधी गलबतावर खलाशी म्हणून चढले आणि शेवटी कुवेतच्या बंदरावर एका कंपनीच्या कोठाराचे रखवालदार झाले. दोरखंड, साखळ्या, रंगाचे डबे त्यांच्या ताब्यात. स्वभाव काळजीचा. टँकर उशिरा आला की काळजी, लवकर आला तरी काळजी. पण नावाची काळजी सगळ्यांत मोठी. नाव ही त्यांच्या लेखी पेट्रोलच्या डब्यासारखी जोखमीची वस्तू होती. त्यांच्या इंग्रज साहेबाचं आडनाव होतं फॉक्स. कुणीतरी त्याचा अर्थ सांगितला, आणि त्या दिवसापासून उस्मानभाई जेवणाचा डबा साहेबाच्या नजरेला पडू देईनात.

अशा इमारतीत, आमच्या वरच्या मजल्यावर, एक गोरं जोडपं राहायला आलं. नवरा गाळ उपसणाऱ्या जहाजावर इंजिनिअर. हसरा, रुंद खांद्यांचा, कानापर्यंत तेलाचे डाग. जिन्यात भेटला तेव्हा छातीवर हात ठेवून म्हणाला, "पेरू."

दाराआड सिंधूला हसू आवरेना. उस्मानभाईंना हसू वगैरे काही आलं नाही. त्यांनी मला कोपरानं ढोसलं. "विचारा. फळ काय?"

मी मोडक्यातोडक्या इंग्रजीत विचारलं. त्याची इंग्रजी माझ्याहून मोडकी. तो म्हणाला, फळ नाही. पासपोर्टवर पेड्रो, घरी पेरू. अर्थ दगड.

"दगड!" उस्मानभाईंनी मला बाजूला ओढलं आणि आवाज एकदम खाली आणला. "सूदनराव, हा दगडू हाय. याच्या आधीची भावंडं जगली नसणार. आमच्या गावात असंच करतात. दगडू, धोंडू ठेवायचा, म्हणजे मौत तिकडे बघत नाय. विचारा त्याला. बिचारा."

नको नको म्हणताना मला ते विचारावंच लागलं. पेरू विचारात पडला. मग म्हणाला, "माझे थोरले भाऊ सगळे जिवंत आहेत. सगळे माझ्याहून जाडे."

उस्मानभाईंना ते पटलं नाही. "सांगत नाय तो. दुःख हाय," असं म्हणून त्यांनी त्याला संध्याकाळी मासे पाठवले.

पेरू स्पेनचा होता, पण स्पेनचा म्हटलेलं त्याला चालत नसे. तो म्हणे, मी बास्क. डोंगर आणि समुद्र यांच्या मधली त्यांची मुलूखपट्टी, आणि भाषा अशी की आजूबाजूच्या कुठल्याच भाषेशी तिचं नातं लागत नाही. त्याच्या बायकोचं नाव मिरेन, म्हणजे त्यांच्याकडची मेरी. ती गरोदर होती. सिंधूची आणि तिची भाषा एक नव्हती, पण कैरीचं लोणचं दोघींनाही कळत होतं.

मिरेनचे दिवस भरायला अवकाश होता, म्हणून पेरू निर्धास्त होता. त्या सकाळी त्याला तातडीचं बोलावणं आलं, जहाजाचं इंजिन बंद पडलं होतं. तो जिना उतरत होता, खाली लॉरी घरघरत होती, आणि उस्मानभाई त्याच्यामागं पायऱ्या उतरत ओरडत होते, "पेरूभाय! पोरगा झाला तर नाव काय?"

सिंधू आणि मी दारात होतो; मी तेच इंग्रजीत ओरडलो, आणि पेरूनं वळून लॉरीच्या घरघरीत काहीतरी सांगितलं. लॉरी निघाली.

दुपारपर्यंत शमाल सुरू झाला. शमाल म्हणजे तिकडचा वायव्येचा वारा. आकाश तांबूस होतं, दारंखिडक्या लावल्या तरी दातांखाली वाळू येते, आणि बंदरातून एकही होडी सुटत नाही. त्याच दुपारी मिरेनच्या पोटात दुखायला लागलं.

मी आणि सिंधूनं तिला कंपनीच्या गाडीतून दवाखान्यात नेलं. ड्रायव्हरला पुढचं दिसत नव्हतं. उस्मानभाई तोंडाला पंचा गुंडाळून पुढच्या सीटवर बसले होते आणि खिडकीबाहेर मान काढून "डावीकडे! नाय, नाय, उजवीकडे!" असं ओरडत होते. अंधार पडायच्या आत मुलगा झाला. दिवस भरायच्या आधी आलेला, तळहाताएवढा. त्याला काचेच्या पेटीत ठेवलं. मिरेनला ताप भरला, ती ग्लानीत गेली.

डॉक्टर दोघांपाशी आळीपाळीनं जात-येत होते. जहाजाला बिनतारी निरोप गेला, पण वारा पडेपर्यंत पेरू येणार कसा?

दुसऱ्या दिवशी नर्सनं विचारलं, मुलाचं नाव काय? पेटीवर चिठ्ठी लावायची आहे.

आम्ही एकमेकांकडे पाहिलं.

"अनेको," मी म्हटलं.

"एनेको," उस्मानभाई म्हणाले.

"मला येणकू ऐकू आलं," सिंधू म्हणाली.

"अनेको म्हणजे अनेक?" उस्मानभाई माझ्यावर उखडले. "एका पोराला अनेक कोण म्हणेल? आन् येणकू हे काय नाव हाय, वयनी?"

"मग एनेकोचा तरी काय मतलब?" मी विचारलं.

उस्मानभाई म्हणाले, "बंबईच्या हिंदीत आनेको म्हणजे यायला. यायला घाई झाली त्याला, आला." पण ते त्यांचं त्यांनाच पटलेलं दिसलं नाही.

नर्सला वेळ नव्हता. ती म्हणाली, तोपर्यंत मी बेबी पेड्रो लिहिते.

उस्मानभाई तिच्या आणि पेटीच्या खोलीच्या मध्ये उभे राहिले. इतक्या जाड माणसाला बाजूला करणं सोपं नव्हतं. "नाय, सिस्टर. बापानं नाव सांगितलाय. दुसरा लिहू नका."

"पण तुम्हाला तरी ते कुठं माहीत आहे?"

"कळेल. तोपर्यंत कोरा ठेवा." आणि माझ्याकडे वळून हिंदीतून थेट कोकणात उतरत म्हणाले, "सूदनराव, नाव रंगासारखा असतो. पहिला हात सुकला की मंग खरवडत बसावा लागतो. हिला समजवा."

मला वाटलं, मूल जगतंय की जातंय याचा पत्ता नाही आणि हा माणूस चिठ्ठीवर भांडतोय. मी तसं बोललोही. उस्मानभाईंनी माझ्याकडे बघितलं. रागावले नाहीत.

"जायचा असेल तर त्याला थांबवणार कसा? हाक मारूनच ना? मंग हाक काय मारायची?"

मी नर्सला समजवायला गेलो.

शेवटी उलगडा केला सिंधूनं. ती मिरेनच्या कपाळावर ओल्या पट्ट्या ठेवत बसली होती. तापात मिरेनचे ओठ हलत होते. सिंधूनं कान जवळ नेला, आणि मग व्हरांड्यात धावत आली. "एनेको म्हणतेय. पुन्हा पुन्हा तेच. एनेको, एनेको. उस्मानभाई, तुमचंच बरोबर."

नर्सनं चिठ्ठीवर एनेको लिहिलं. आणि मग मी उस्मानभाईंना कधी करताना पाहिलं नव्हतं ते त्यांनी केलं. पुरुषांना आत सोडत नव्हते, म्हणून ते बाहेरून, अंगणाकडच्या खिडकीशी गेले. वाळूचा मारा चालला होता. पंचा तोंडावरून खाली ओढून, काचेला नाक लावून त्यांनी हाक मारली, "एनेको! ए एनेको!" अर्थ ठाऊक नसलेल्या नावानं ते आयुष्यात पहिल्यांदाच हाक मारत होते. पहारेकऱ्यानं त्यांना हाकललं. तो चहाला गेला की हे पुन्हा खिडकीशी. दुसऱ्या दिवशी तेच. शेवटी पहारेकरीच कंटाळून त्यांच्यासाठी स्टूल घेऊन आला.

वारा पडला आणि पेरू आला. भुवया, केस, पापण्या सगळं वाळूनं पिवळं. त्याला काही विचारायची हिंमत होत नव्हती, आम्हालाही काही सांगायची. बाप म्हणून त्याला सोडलं, तो सरळ आत गेला. परत आला तेव्हा रडत होता. मग कळलं, मिरेननं डोळे उघडले होते. मुलगा दूध प्यायला होता.

मायलेक घरी आल्यावर सिंधूनं बारसं करायचं ठरवलं. पाळणा नव्हता, तर उस्मानभाईंनी कोठारातून दोर आणि जहाजाचं कापड आणून झोळी बांधली, गाठी अशा की मी स्वतः तीत निजलो असतो. सिंधूनं घुगऱ्या केल्या. पेरू मात्र उदास होता. त्यांच्या देशाकडून मुलाच्या जन्मनोंदीच्या कागदाचा निकाल त्याच दिवशी कळला होता. बास्क नावं तेव्हा त्यांच्या सरकारी कागदावर चालत नसत. कचेरीनं परस्पर इग्नासियो लिहून टाकलं होतं.

"त्याचा मतलब तोच काय?" उस्मानभाईंनी विचारलं. दुभाष्या अर्थात मीच.

"नाही," पेरू म्हणाला. "ते लॅटिन. त्यात कुणी आग शोधतात. आमच्या नावाशी त्याचा संबंध नाही, नुसतं कानाला जवळचं. पूर्वीपासून असंच करतात. एनेको लिहायला गेलं की कुणी इनिगो करतं, कुणी इग्नासियो. हजार वर्षांपूर्वी आमच्या डोंगरात एनेको नावाचा राजा होता. माझ्या आजोबांच्या आजोबांचं नाव एनेको. आणि आता म्हणे हे नावच नाही."

"ते राजाचा ऱ्हाऊ दे. मतलब?"

मिरेन झोळीपाशी बसली होती. तिनं एका हातानं आपली छाती दाखवली. "एने. माझा." मग अंगठा आणि तर्जनी जवळ आणली. "को. लहान."

"माझा लहानगा," सिंधू मराठीत म्हणाली.

उस्मानभाई पेरूला म्हणाले, "कागदाला कान नसतात, पेरूभाय. पोराला असतात. तुम्ही रोज हाक मारा. चुकू नका. बंदरावर जाताना मारा, आल्यावर मारा." आणि घुगऱ्या न खाता उठून गेले.

मी त्यांच्यामागं गच्चीवर गेलो. उन्हं उतरत होती. पाण्याच्या टाकीला टेकून ते उभे होते. त्यांच्या घरच्यांविषयी मी कधी विचारलं नव्हतं. गावी बायको आहे, मुलगा आहे, एवढंच ऐकलं होतं.

"माझा पोरगा झाला तेव्हा मी बसऱ्याला होतो," ते म्हणाले. "आमच्या गावच्या नाखव्याकडे नाव सांगून पाठवला. यूनुस. माशाच्या पोटातून जिता परत आला तो पैगंबर. दर्यावर्दी माणसाच्या पोराला दुसरा काय नाव देणार? पण वारा उलटा, गलबत अडकला. तोवर माझ्या भावानं नाव ठेवून टाकला. घर तोच बघत होता, बोलणार कोण? मी गेलो तेव्हा पोरगा चालत होता. मी अंगणातून हाक मारली, यूनुस! यूनुस!"

त्यांनी टाकीवरची वाळू हातानं पुसली.

"वळलाच नाय, सूदनराव. खेळत ऱ्हायला."

"मग?"

"मग काय? मी त्याला यूनुसच म्हणतो. दुसरा कोण म्हणत नाय. तोपण ओ देत नाय. आम्ही बापलेक एकमेकांशी बोलतो ते हाक न मारता. जवळ जायचा, मंग बोलायचा."

भावानं ठेवलेलं नाव त्यांनी त्या दिवशीही उच्चारलं नाही, आणि मी विचारलं नाही.

पेरूचं कुटुंब पुढं दुसऱ्या बंदराला गेलं. आणखी काही वर्षांनी उस्मानभाईंच्या मुलाला कुवेतमध्ये नोकरी लागली. मुंबईची बोट येणार त्या दिवशी त्यांनी मला बरोबर घेतलं. गावी जाऊन त्यांना बरीच वर्षं झाली होती; सकाळपासून त्यांचं काही खरं नव्हतं. टोपी दोनदा काढली, दोनदा घातली. "ओळखेल ना?" असं विचारत होते, आणि पुन्हा स्वतःच, "मी ओळखीन काय?"

बोट लागली. ट्रंका, वळकट्या, गर्दी. उस्मानभाई टाचा उंचावून बघत होते. मग त्यांनी माझा दंड इतक्या जोरात धरला की मी कळवळलो. एक उंच, सडपातळ पोरगा डोक्यावर ट्रंक घेऊन भलत्याच बाजूला चालला होता. कोलाहल एवढा, की जवळ जाऊन बोलावं म्हटलं तर तो गर्दीत दिसेनासा झाला असता.

उस्मानभाईंचं तोंड उघडलं, मिटलं. पुन्हा उघडलं.

"शौकत!" ते ओरडले. "ए शौकत!"

पोरगा वळला. उस्मानभाई तिथंच उभे राहिले. पुढं काय करायचं ते त्यांना सुचेना. मग मुलानंच ट्रंक खाली ठेवली आणि तो त्यांच्याकडे चालत आला.