चढलेला पंचम

एका जंगलात, बाळांनो, वाघाला उपाशी ठेवायची एक रीत होती. तो आला की चौघांनी चार स्वर एकदम लावायचे.

दाजीबा गवा सा धरायचा. मोर शुद्ध गंधार लावायचा, टिटवी कोमल निषाद. आणि म्हातारे विद्याधरपंत सांबर पंचम लावायचे, पण अर्धा स्वर वर चढवून. या चौघांच्या एकत्र आवाजाला जंगलात ‘ऑगमेंटेड सेव्हन्थ’ म्हणत. का म्हणत, ते कुणी विचारलं नव्हतं.

तो ऐकला की वाघाचा पंजा हवेतच थांबे. आता पुढे काहीतरी येणार, असं त्याला वाटे. ते कधीच येत नसे. वाट बघून बघून तो संध्याकाळी गुहेत परत जाई.

पंतांना मात्र चैन नव्हतं. पंचम जागचा हलत नाही, हे ते तीन पदव्यांसाठी तीनदा शिकले होते. मग आपण रोज हलवतो तो कोण? त्याच जागेवर बसणारा कोमल धैवत तर नव्हे? आपण इतकी वर्षं सगळ्यांना फसवतोय की काय?

एके दिवशी वाघ पंजा उचलून उभा असतानाच त्यांनी विचारलं, “दाजीबा, खरं सांग. मी पंचम गातोय की धैवत?”

“पंत, तुम्ही जिवंत आहात ना? मग तोच गा,” गवा श्वास घेता घेता म्हणाला.

“पण कळायला नको का?”

“वाघ गेल्यावर कळून घ्या हो!” टिटवी किंचाळली.

पंतांनी पुन्हा स्वर लावला आणि डोळे मिटून त्याचा कल पाहिला. कोमल धैवत असता तर खाली उतरू बघता. हा तर वर निघाला होता! म्हणजे पंचमच, घर सोडून निघालेला.

“कळलं!” पंत म्हणाले, आणि खात्री करायला शुद्ध धैवतावर गेले.

वडीलधारे उठले की आपण बसून राहायचं नाही, ही जंगलाची शिस्त. मोर मध्यमावर गेला. टिटवी धैवतावर उतरली. गवा तेवढा सा धरूनच राहिला. त्याला उठायचा कंटाळा.

सगळं जंगल निवलं. वाघाने मोठा सुस्कारा सोडला.

“अहाहा! इतकी वर्षं याचीच तर वाट बघत होतो, पंत.”

“म्हणजे तुम्हालाही पटलं?”

“अगदी.”

आयुष्यात पहिल्यांदाच पंतांना कसलीही शंका उरली नाही. आणि वाघाचा पंजा खाली आला.

तात्पर्य : मुलांनो, अभ्यास जरूर करा. पण समजेपर्यंत करू नका.