ओताव्हियोंचं एक्केचाळीस मुलांचं नाटक

इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीच्या आमच्या मराठी मंडळाने यंदाच्या वार्षिक नाटकासाठी ब्राझीलचे टीव्ही मालिका दिग्दर्शक ओताव्हियो बारेतो यांची एकमताने नेमणूक केली. अर्ज त्यांचा एकट्याचाच होता.

बावीस वर्षांत त्यांनी तिकडे एकोणीस मालिका केल्या होत्या. त्यांची एक खलनायिका मेली त्या संध्याकाळी शहरातले रस्ते ओस पडले होते म्हणे. इथे ते युनिव्हर्सिटीत शिकवायला आले आणि वर्षभरात कोर्सच बंद झाला. मुलगी इथल्या शाळेत रुळली होती. राहायचं तर 'विशेष प्रतिभा' व्हिसा हवा, आणि त्यासाठी पुरावा हवा: अलीकडे दिग्दर्शित केलेली एक संपूर्ण कलाकृती, व्हिडिओसह.

त्यांनी गोष्ट आणली ती अशी. नोकरी गेलेला बाप रोज ऑफिसला निघाल्यासारखा निघतो, दिवसभर लायब्ररीत बसतो, आणि एक दिवस मुलीला ते कळतं. वाचन संपलं तेव्हा अध्यक्ष श्रीनिवास यांचे डोळे भरून आले होते.

"अप्रतिम!" ते म्हणाले. "फक्त नोकरी जायला नको. आपले निम्मे लोक वर्क व्हिसावर आहेत. चुकीचा मेसेज जातो."

"मग बाप लायब्ररीत कशाला जाईल?"

"पुस्तक बदलायला."

पुढच्या मीटिंगमध्ये सचिव अनुराधाताईंनी नियमावली काढली. प्रत्येक सदस्याच्या मुलाला स्टेजवर यायचा हक्क होता. मुलं एक्केचाळीस. सर्वांना समान शब्दसंख्येचा संवाद. रडायचं नाही, कारण कौन्सिलच्या हॉलच्या रिस्क असेसमेंटमध्ये रडण्याचा रकाना नव्हता.

"अनुराधा, संघर्षाशिवाय नाटक होत नाही," ओताव्हियो म्हणाले.

"आमच्याकडे सत्तावीस वर्षं होतंय," ताई म्हणाल्या.

ते रात्रभर विचार करून परत आले आणि नियमावलीवर सही करून गेले. मुलीची शाळा होती ना.

प्रयोगाच्या दिवशी एक्केचाळीस मुलं रांगेने लायब्ररीत आली, प्रत्येकाने चार शब्द उच्चारले, पुस्तक परत केलं. टाळ्या थांबेनात. मंडळाच्या कॅमेऱ्यात मात्र समोर उंचावलेले दोनशे फोन तेवढे आले. ओताव्हियोंनी ग्रुपवर क्लिप मागितल्या. एकशे शहाऐंशी आल्या. प्रत्येकीत एकच मूल होतं, बाकीचं नाटक फ्रेमबाहेर.

तोच पुरावा त्यांनी जोडला. दीड महिन्याने व्हिसाचं उत्तर आलं: 'सदर सामग्रीत दिग्दर्शन झाल्याचं आढळत नाही.'

निरोप समारंभ हौसेने झाला. शाल दिली, भाषणं झाली. गर्दी ओसरल्यावर ओताव्हियो मला हळूच म्हणाले, "शेवटी मी एक गोष्ट चोरून घातली होती. मुलीचं काम करणारी ईशिता बापाशेजारी जाऊन बसते आणि त्याचा हात धरते. संवाद नाही. गप्प बसण्याविरुद्ध नियम नव्हता. तुम्हाला दिसलं?"

"दिसलं तर!" मी म्हणालो. "काय सुंदर जमलं होतं!"

त्यांनी माझे दोन्ही हात घट्ट धरले. "मग ठीक आहे," म्हणाले. "एकाने तरी पाहिलं."

दुसऱ्या दिवशी बापलेक विमानात बसले.

मी काही पाहिलं नव्हतं. त्या वेळी आमची मायरा विंगेत जाता जाता हात हलवत होती, मी झूम केलं होतं. तुम्ही मला हसू नका. तिसऱ्या रांगेत, माझ्या पुढ्यात, हात उंच करून तुम्हीच तर उभे होतात.