पंच मारलेली पाने

कोंबडीच्या रश्श्यात घालायची पाने मारोतीकाका चिरत नाहीत, कुस्करत नाहीत, हाताने तोडतही नाहीत. ते त्यांना पंच मारतात. एसटीच्या लाल गाडीवर तीस वर्षे कंडक्टरकी करताना ज्या लोखंडी पंचाने त्यांनी तिकिटांना भोके पाडली, तोच पंच दर रविवारी सकाळी अंगणातल्या चुलीजवळ खाकी रुमालातून बाहेर निघतो. पानओव्याचे जाड, लवदार पान ते डाव्या हाताच्या दोन बोटांत धरतात, उजेडाकडे करून एकदा तपासतात, आणि 'कट्' असा आवाज होतो. प्रत्येक पानाला तीन भोके. कमी नाही, जास्त नाही. भोकांतून पडणाऱ्या हिरव्या टिकल्या एका वाटीत जमा होतात. त्या शेवटी वरून पेरायच्या असतात.

शास्त्रीय दृष्टीने ही पद्धत चुकीची म्हणता येणार नाही. पानातले सुगंधी तेल पेशी फुटल्याशिवाय मोकळे होत नाही, आणि पंचाने पेशी फुटतात हे निर्विवाद आहे. वरच्या मजल्यावरच्या खोलीत मी भाड्याने राहायला आले, त्यानंतरच्या पहिल्याच रविवारी हे मी त्यांना समजावून सांगितले. त्यांनी पंच थांबवला.

"तू डाक्टर हायस का?"

"होणार आहे, काका. पीएच.डी. करते. रसायनशास्त्रात."

"किती झाली?"

"अर्धे काम झाले आहे."

"मंजी अर्धी डाक्टर. बस. धूर येतोय तिकडं बसू नगं."

नांदेडच्या त्या गल्लीत तेव्हापासून मला दुसरे नाव उरले नाही. दूधवालासुद्धा खालून "अर्ध्या डाक्टर, भांडं आणा" अशी हाक मारतो. प्रबंध लवकर पूर्ण करण्याची जी काही निकड माझ्या ठायी आहे, तिचा काही वाटा या हाकेचा आहे.

काकांच्या दृष्टीने रस्सा हा पदार्थ नसून मार्ग आहे. नांदेड ते उदगीर हा त्यांचा नोकरीतला शेवटचा मार्ग, आणि रश्श्याची प्रत्येक पायरी त्यावरचा एकेक थांबा. हळद-मीठ लावलेली गावरान कोंबडी भगुल्यात पडली की गाडी स्टँडवरून सुटली. कांदा-खोबऱ्याचे वाटण परतून कडेने तेल सुटले की लोहा आले. येसर, म्हणजे धान्ये आणि मसाले भाजून केलेले ते खमंग पीठ, पाण्यात कालवून घातले आणि उकळी फुटली की कंधार. मांस हाडापासून सुटू लागले की जळकोट. मग पुदिना, लसणाची हिरवी पात, कोथिंबीर आणि पंच मारलेला पानओवा एकदम आत, आणि गाडी उदगिरात. प्रत्येक थांब्यावरून निघताना भगुल्याच्या काठावर पळी कंडक्टरच्या डबल बेलसारखी दोनदा वाजते, टण् टण्. गल्लीतले लोक फाटकातून विचारतात, "काका, कुठवर आली?" आणि काका मागे न बघता उत्तर देतात, "आत्ताच कंधार सोडलं. भाकऱ्या टाकून या."

ही पाने पूर्वी ते लोह्यालाच, वाटणाबरोबर घालत. मी स्पष्ट विरोध केला. तासभर उकळत राहिल्यावर सुगंध वाफेबरोबर निघून जातो. हिरवी पाने शेवटच्या पाच मिनिटांतच पडली पाहिजेत. ते ऐकेनात, तेव्हा मी त्यांच्याच भाषेत मांडणी केली. "काका, उदगीरचा पॅशिंजर तुम्ही लोह्याला उतरवून राहिलात."

पुढच्या रविवारी पाने जळकोटानंतर पडली. माझ्या संशोधनाला मिळालेली ही पहिली मान्यता होय. त्याच दिवशी त्यांनी फर्मान काढले, "दर आयतवारी वहीत लिव्हून ठिव, काय घातलं, कवा घातलं. उद्या तू मोठी झालीस मंजी कामाला यील." मी वही केली. रकाने आखले. शेवटच्या रकान्याचे शीर्षक त्यांनीच सांगितले: वास आला का.

कारण हा प्रश्नच त्या स्वयंपाकाचा खरा शेवट असतो. पाने पडल्यावर काका पळी हवेत धरून उभे राहतात आणि घराच्या खिडकीकडे तोंड करून ओरडतात, "अवो, वास आला का?" खिडकीआड अनुसयाकाकू बसलेल्या असतात. आतून आवाज येतो, "आला. पानओवा आला." टण् टण्. ताटे मांडा.

या प्रश्नामागची हकीकत मला काकांनीच सांगितली. साथीच्या वर्षी काकूंना ताप आला. ताप गेला, आणि जाताना वास घेऊन गेला. जिभेला तिखट झोंबे, मीठ कळे. पण कोंबडी आणि भोपळा यांत फरक उरला नाही. जिच्या हातचे येसर निम्मी गल्ली मागून नेत असे, ती बाई अर्ध्या भाकरीवरून उठू लागली. "पुठ्ठा चावल्यावानी लागतंय म्हणायची," काका सांगत होते. "बांगड्या कोपरापत्तुर सरकल्या हिच्या. दवाखान्यात म्हणले, यील तवा यील. यील तवा यील! आमी गाडीचं असं सांगितलं असतं तर पॅशिंजरनी हाणलं असतं."

तोवर काकांनी आयुष्यात चहासुद्धा केला नव्हता. त्यांनी चूल मांडली, फुटक्या बादल्यांत पानओवा आणि पुदिना लावला, आणि दर रविवारी रस्सा करून खिडकीकडे तोच प्रश्न विचारायला सुरुवात केली. त्यांचा सिद्धान्त सरळ होता: नाकाला कुलूप लागले आहे, पुरेशा जोराचा ताजा वास आदळला तर ते उघडेल. पाच महिने उत्तर आले, "न्हाई." मग एका रविवारी आले, "आला." त्या दिवशी काकांनी पळी इतक्या जोरात वाजवली की तिचा दांडा वाकला. ती वाकडी पळी अजून वापरात आहे. काकू त्या दिवशी दीड भाकरी जेवल्या. तेव्हापासून दर रविवारी वास येतो आणि दर रविवारी त्या जेवतात. रविवारचे जेवण हळूहळू सोमवार-मंगळवारपर्यंतही पोचू लागले.

"लिव्ह तुझ्या पुस्तकात," काका मला बजावत. "नाकाचं कुलूप. चावी, पानओवा."

इथे काकांच्या नोकरीतली एक गोष्ट सांगणे भाग आहे. तीस वर्षांत एकही बिनतिकिटाचा प्रवासी आपण नेला नाही, हा त्यांचा अभिमानाचा विषय. "डोळ्यावरून वळखायचो. फुकट्या मानूस खिडकीभायेर लई बघतो." एकदा काकूंचा सख्खा भाऊ भाऊबिजेला उदगीरहून त्यांच्याच गाडीत बसला आणि दाजी कंडक्टर असल्यावर तिकीट कसले, म्हणून आरामात राहिला. काकांनी त्याला जळकोटच्या फाट्यावर करंज्यांच्या डब्यासकट उतरवले. तो मागच्या गाडीने, रीतसर तिकीट काढून आला. काकू पंधरा दिवस नवऱ्याशी बोलल्या नाहीत. हा किस्सा काका सांगू लागले की काकू आतून अजूनही म्हणतात, "कोनाची लाज न्हाई ह्या मानसाला."

माझ्या मनात शंका आली ती एका बुधवारी. काका बाजारात गेले होते. खालून करपल्याचा उग्र दर्प जिन्यावरून वर आला, म्हणून मी धावत गेले. गॅसवर दूध उतू जाऊन पातेल्याचा कोळसा झाला होता आणि त्यापासून चार हातांवर काकू शांतपणे तूर निवडत बसल्या होत्या. मी गॅस बंद केला. त्या दचकल्या. "ध्यान न्हाई ऱ्हायलं माय," एवढेच म्हणाल्या आणि खिडकीबाहेर पाहू लागल्या.

ज्या नाकाला अंगणातल्या पानओव्याचा वास येतो, त्याला चार हातांवरचे जळके दूध कळू नये? ही विसंगती मला स्वस्थ बसू देईना. आणि विसंगती दिसली की प्रयोग करायचा, एवढेच मला शिकवले गेले आहे. कोणाला विचारून करायचा, हे शिकवायचे बहुधा राहून गेले.

पुढच्या रविवारी जळकोट आले तेव्हा काका म्हणाले, "पानं टाक, मी लाकडं आणतो." ते घरामागे गेले. मी पंच मारलेल्या पानांची ताटली उचलली आणि भगुल्यात न रिकामी करता चुलीच्या विटांमागे ठेवली, वर झाकण घातले. पुदिना, पात, कोथिंबीर, सगळे त्या झाकणाखाली. रश्श्याचा वास येत होता, पण त्यात पानओव्याचा अंशही नव्हता. काका परतले, लाकूड सारले, पळी उचलली आणि खिडकीकडे वळले.

"अवो, वास आला का?"

नेहमीचा तोच आवाज. "आला. पानओवा आला. आज लई घमघमून राहिलाय."

पहिल्या क्षणी मला जो आनंद झाला तो नाकारण्यात अर्थ नाही. अनुमान खरे ठरल्याचा तो आनंद होता. दुसऱ्या क्षणी मी काकांकडे पाहिले. ते खिडकीकडे पाहत नव्हते. ते विटांमागच्या झाकणाकडे पाहत होते. रश्श्यावर एकही हिरवे पान तरंगत नव्हते, आणि हे तीस वर्षे एका नजरेत पन्नास प्रवासी मोजणाऱ्या माणसाच्या ध्यानात आले नसेल, अशी आशा मला नव्हती.

पळी हवेत होती. आता हा माणूस आत जाऊन विचारणार. काकू आणखी खोटे बोलणार किंवा खरे सांगणार. आणि पुढच्या रविवारी खिडकीतून "न्हाई" येणार, दीड भाकरीची पुन्हा अर्धी होणार. हे सगळे मी झाकणाच्या एका हालचालीने घडवले होते.

टण् टण्.

काकांनी बेल दिली. मग खाली वाकले, झाकण काढले, आणि ताटली अलगद भगुल्यात उपडी केली. पाने रश्श्यावर पसरली. त्यांनी पळीने ती एकेक करून आत बुडवली.

"काका, माझे चुकले," मी हळू आवाजात म्हणाले.

"पैल्या दिवशीच वळखलं व्हतं मी," ते तितक्याच हळू म्हणाले. "ती 'आला' म्हणली, अन् खिडकीभायेर बघाय लागली."

"मग तुम्ही दर रविवारी विचारता कशाला?"

"इचारल्याबिगर ती हो कशी म्हणंल? अन् हो म्हणल्याबिगर जेवंल कशी? हो म्हणल्यावर जेवावंच लागतंय की तिला." त्यांनी विस्तव थोडा मागे ओढला. "तिला वाटतंय, म्हातारं झाडाला पानी घालून घालून थकलं, त्याला बरं वाटू दे."

"पण मग बिनतिकिटाचे..."

"हाय की." त्यांनी पंच रुमालात गुंडाळायला घेतला. घडी दोनदा चुकली. "एकच हाय. हिला कुठल्या फाट्यावर उतरवू?"

मग ते पुन्हा बोलले, या वेळी त्यांच्या रोजच्या मोठ्या आवाजात, खिडकीपर्यंत जाईल अशा बेताने. "काय अर्धी डाक्टर, आज वहीत काय लिव्हणार?"

ताटे मांडली गेली. काकूंनी स्वतः भाकरी वाढली, माझ्या वाटीत रस्सा ओतला, काकांच्या वाटीत ओतला, मग स्वतःच्या. काकांनी हिरव्या टिकल्यांची वाटी घेतली आणि त्या सगळ्याच्या सगळ्या काकूंच्या वाटीत पेरल्या. काकू वाटीवर वाकल्या, एक दीर्घ श्वास घेतला, आणि त्या श्वासाकडे आम्ही दोघेही पाहत असल्याचे कळून किंचित लाजल्या. "गुमान जेवा," त्या म्हणाल्या, आणि भाकरी कुस्करू लागल्या.

दुपारी मी वही उघडली. काय घातले, केव्हा घातले, हे रकाने प्रामाणिकपणे भरले: पाने बेलनंतर. शेवटच्या रकान्यापाशी पेन थांबले. न घडलेली गोष्ट मी आजवर कुठल्याही वहीत लिहिलेली नाही, आणि ज्या कामाकडे मी निघाले आहे तिथे असे लिहिणाऱ्याला जागाही नसते.

मी लिहिले: आला.

मग त्याच्यापुढे, खाडाखोड न करता, त्या दिवशी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेली गोष्ट नोंदवली. काकू दीड भाकरी जेवल्या. कुस्करताना बांगड्या वाजत होत्या. मनगटावर होत्या.