भाऊजीची चार आठवड्यांची मुदत

दिगंबर भाऊजी बकरीलेही मुदत देतेत. माही बकरी त्याइच्या अंगनातली तुळस खाऊन गेली, तं काठी नाही, कागद घेऊन आले. "वयनी, बकरीले समज द्या. चार आठवड्यांत सुधारली नाही तं अवमान धरीन."

मी म्हनलं, "तिले वाचता येत नाही, भाऊजी."

म्हने, "ग्रामसेवकाले तरी कुठं येते?"

हे आमचे शेजारी. भिंतीले भिंत. डोक्यावर टोपी, काखेत पिशवी, अन् पिशवीत पलास्टिकमधी गुंडाळलेला नागपूरच्या मोठ्या कोर्टाचा आदेश. त्यात लिवलं हाये, या गल्लीत घरोघरी नळ द्या, चार आठवड्यांत. बाकी गावाले नळ होता, आमच्याच गल्लीले नव्हता. आमी टाकीखालच्या हापशीवरून पानी आनो. लेक झाला त्या दिवशीही सकाळी पान्याचे दोन पितळी गुंड भरून ठुले, मंग खाटेवर पडली मी. त्याचं काई नाही. पन भाऊजीच्या बायकोच्यानं, शांताबाईच्यानं, ते झालं नाही. ती पुन्याले लेकाकडं निंगून गेली. जाताना म्हने, "दारात नळ आला का फोन करा, तईच येईन."

तईपासून भाऊजीले कोर्ट लागलं, जशी कोनाले तंबाखू लागते.

आदेश आला. चार आठवडे गेले, चाळीस गेले. भाऊजी रोज पंचायतीत जाऊन तो मोठ्यानं वाचत. ग्रामसेवक कानात काडी घालून म्हने, "काका, आवाज चांगला हाये तुमचा." मंग एक दिवस पंचायतीनं गल्लीच्या तोंडाले एक नळ रोवला. खाली पाईप नाही, काई नाही. मागून ड्रमाची नळी लावली, धार पाडली, फोटू काढला, अन् कोर्टाले कळवलं, आदेशाचं पालन झालं. मलेही गुंड घेऊन फोटूत उभं केलं. मी हसली नाही, म्हनून दोनदा काढला.

दुसऱ्या दिवशी भाऊजीनं तो नळ उपटला, पिशवीत घातला अन् एसटी धरली. कंडक्टर म्हने, "बाबा, हे काय?"

"सरकारी पानीपुरवठा. याचं तिकीट लागते का?"

वकिलानं तो नळ जजसाहेबाच्या पुढ्यात ठुला म्हनतेत. अवमानाची नोटीस निंगाली. ग्रामसेवकाले नागपूरले जाऊन हात जोडून उभं राहा लागलं. पंधरा दिवसांत गल्ली खंदली अन् घरोघरी नळ आला. या बारीनं खरा.

त्या सकाळी भाऊजीनं पुन्याले फोन लावला, नळ सोडला अन् फोन धारेपाशी धरला. मी भिंतीच्या इकडून ऐकून राह्यली होती. "ऐक, शांते. दारातच हाये." मंग लय वेळ नुसती धारच ऐकू आली. मंग म्हनले, "हाव. नातवाची शाळा हायेच ना. हाव." अन् नळ बंद केला.

केस निकाली निंगाली. भाऊजीले जायाले जागा नाही राह्यली. आठ-दहा दिवस ओट्यावर बसून. बकरीनं उरलेली तुळस खाल्ली, तरी कागद घेऊन आले नाही. इतकी वर्षं शांताबाईचं न येनं पंचायतीच्या माथी होतं. आता कोनाच्या माथी घालावं त्या मानसानं?

मंग एका सकाळी माह्या दारात. काखेत पिशवी.

"वयनी, तुमच्या नळाची धार बारीक वाटते मले."

माह्या नळाखाली गुंड भरून वाहून राह्यला होता. भाऊजी चष्मा काढाले पिशवीत वाकले, तेवढ्यात मी नळाची चावी आवळली अन् दुसरा गुंड लावला.

"पाहा ना, बारीकच हाये. कालपासून."

त्याइनं चष्मा लावून धारेकडं पाह्यलं. मान हालवली. पेन काढला. "हा तं सरळसरळ अवमान हाये, वयनी. चार आठवडे देऊ त्याइले?"

"द्या," मी म्हनलं.

भाऊजी टोपी नीट करून पंचायतीकडं निंगाले. तो गुंड भराले अर्धा घंटा लागला. मी तिथंच उभी राह्यली.