चुन्याचा बेचाळिसावा हात

ईस्टरचा आठवडा उजाडला आणि मोस्खुलाच्या हातात चुन्याचा कुंचा आला, की ती कोणाच्या बापाचं ऐकत नसे. पायऱ्या, पायऱ्यांच्या कडा, गल्लीतल्या फरशांमधल्या रेघा, लिंबाचं खोड, सब्जा लावलेले तेलाचे रिकामे डबे, जे जे हलत नसेल ते ते पांढरं व्हायचं. गेल्या वर्षी तर शेजारच्या आर्गिरोचं मांजर उन्हात जरा जास्त वेळ झोपलं, त्याचंही शेपूट तिच्या तडाख्यातून सुटलं नाही.

त्यामुळे सोमवारी सकाळी तिचा नवरा याकूमिस कॉफीच्या दुकानातून घरी आला आणि दारापाशी अंजिराखालचा दगड त्याला दुधासारखा पांढरा दिसला, यात नवल करण्यासारखं काही नव्हतं. पण याकूमिस मट्कन पायरीवर बसला.

"मोस्खुला! हे काय करून ठेवलंस?"

"दर वर्षी करते तेच. आणि उठा आधी, पायरी ओली आहे."

"या दगडाला चुना?"

"मग काय लोणी लावू? तेही ईस्टरच्या उपासात चालत नाही."

याकूमिस उठला. पँटच्या मागे पायरीचा अर्धा चुना आला होता, पण तिकडे त्याचं लक्ष नव्हतं. तो त्या दगडाचा सरकारी राखणदार होता.

तसा तो राखणदार होता गावामागच्या टेकडीवरच्या पडक्या बुरुजाचा. चौदा वर्षं तो डोक्यावर सरकारी टोपी घालून तिथे बसत आला होता आणि चौदा वर्षांत बुरुज पाहायला शेळ्यांखेरीज विशेष कोणी आलं नव्हतं. नोकरी हंगामी, दर मे महिन्यात कागद नवा व्हायचा, आणि तो व्हायचा पुरातत्त्व खात्यातल्या एवान्थिया मॅडमच्या एका ओळीच्या शिफारशीवर. पगार जेमतेम होता, पण टोपी होती. पानोकाम्बोससारख्या बेटावरच्या गावात टोपीवाली माणसं दोनच, एक पोस्टमन आणि दुसरा याकूमिस. त्या टोपीवर त्याचा फार जीव.

गेल्या शरद ऋतूत या मॅडम बुरुज पाहून परतताना पाणी प्यायला त्याच्या दारात थांबल्या. मोस्खुला शेंगा सोलायला ज्याच्यावर बसते, त्या दगडाच्या कडेला अंजिराच्या फांदीआड त्यांना कोरलेली सहा अक्षरं दिसली. पाणी राहिलं बाजूला, बाई गुडघ्यांवर बसल्या. बाकीच्या दगडावर चुन्याची पुटंच पुटं होती. "काका, याच्यावर माशीसुद्धा बसू देऊ नका," त्या म्हणाल्या. "वसंतात येते, पुटं नीट काढते, ओला कागद चोपून अक्षरांचा ठसा घेते. तोवर हा तुमच्या ताब्यात." आणि त्यांनी वहीत लिहूनही घेतलं : राखणदार, याकूमिस.

सरकारी गोष्ट घरात बोलायची नसते, अशी याकूमिसची समजूत. म्हणून त्याने हे सगळ्या कॉफीच्या दुकानाला सांगितलं, पण बायकोला सांगितलं नाही. आणि बायकोने यंदा अंजीर छाटलं, त्यामुळे फांदीआडच्या त्या सहा अक्षरांपर्यंतही कुंचा पोचला.

"मला काय स्वप्न पडणार होतं?" सगळं ऐकल्यावर मोस्खुला म्हणाली. "एक्केचाळीस वर्षं लावतेय मी त्याला चुना. लग्न होऊन आले त्या पहिल्या ईस्टरपासून. त्याआधी सासूबाई लावायच्या. तेव्हा कुठे गेलं होतं तुमचं खातं?"

एवढ्यात आत फोन वाजला. मॅडमच होत्या.

"काका, ईस्टरनंतर जमणार नाही. बुधवारच्या बोटीने येते. दगड कसा आहे?"

"पांढरा," याकूमिसच्या तोंडून गेलं. "म्हणजे, स्वच्छ आहे. फारच स्वच्छ."

फोन ठेवल्यावर नवरा-बायको दोघंही पाण्याची बादली घेऊन बाहेर धावली. पण मोस्खुलाचा चुना म्हणजे काही ऐरागैरा चुना नव्हे, त्यात ती मूठभर मीठ घालते. डोंगरावरून वारा सुटला होता, आणि दोन तासांत चुना असा धरला होता की पाणी नुसतं वरून ओघळून गेलं.

"अंडी रंगवायला व्हिनेगर आणलंय," मोस्खुला म्हणाली. "त्याने केटलीतला थर जातो."

याकूमिस राखणदारांच्या शिबिरात एकदा दीड तास झोपला होता, पण अर्धा तास जागाही होता. तो म्हणाला, "आधी दुसरीकडे लावून बघू." उंबऱ्याच्या संगमरवरावर थेंबभर टाकलं. उंबरा सोड्यासारखा फसफसला आणि तिथे कायमचा डाग पडला. मोस्खुलाने उंबऱ्याकडे पाहिलं, मग नवऱ्याकडे पाहिलं. व्हिनेगर परत फडताळात गेलं.

मंगळवारी सकाळी याकूमिसने लाकडी चमचा काढला. कोणाला दिसू नये म्हणून अंजिरापासून खिडकीपर्यंत गोधडी बांधली आणि तिच्याआड बसून हलक्या हाताने खरवडायला लागला. फक्त काल लावलेला हात काढायचा, असा त्याचा बेत. पण एक्केचाळीस वर्षांचे हात एकमेकांना धरून बसले होते. कोपऱ्यावर चमच्याचं टोक लागलं आणि तळहाताएवढा पापुद्रा उचकटून त्याच्या मांडीवर पडला. खाली संगमरवर, आणि त्यावर अक्षरं. सहा नव्हे, पंचवीस-तीस. अशी स्वच्छ, की काल कोरल्यासारखी.

याकूमिसने चौदा वर्षं जुन्या दगडांवर बसून काढली होती, पण ते काय म्हणतात हा प्रश्न त्याला कधी पडला नव्हता. आज पडला. अक्षरं सगळी ओळखीची होती, शाळेत शिकलेलीच, पण लिहिणाऱ्याने शब्दांमध्ये जागा म्हणून सोडलेली नव्हती. "आणखी थोडं काढून बघू," तो स्वतःशीच म्हणाला. मोस्खुला मसूर निवडायचे सोडून दुसरा चमचा घेऊन बसली.

"अहो, इथे पण आहेत!"

"हळू! सरकारी आहे ते!"

आता सबंध गल्ली ईस्टरसाठी घासूनपुसून ठेवलेली असताना एकाच दारापुढे गोधडी टांगलेली, आणि आतून खरखर ऐकू येते. आर्गिरो काही आंधळी नव्हती. ती मीठ मागायला आली.

"मीठ संपलं का गं तुझं?" मोस्खुलाने गोधडीआडून विचारलं.

"संपलं नाही, पण संपेल," आर्गिरो म्हणाली आणि गोधडी वर करून आत शिरली. "अगंबाई! सोनं सापडलं?"

अर्ध्या तासात निम्म्या गावाचं मीठ संपलं. कोणी म्हणालं, पुरलेल्या खजिन्याची खूण आहे. आर्गिरोचं म्हणणं, हा हद्दीचा दगड, आणि अंजीर तिच्या आजोबांच्या हद्दीत येतं. शेवटी पाद्रीबाबा लिनार्दोसना बोलावणं गेलं, कारण प्रार्थनेच्या पोथीतली जुनी भाषा गावात त्यांनाच कळायची. निदान तसं ते म्हणायचे.

पाद्रीबाबांनी चष्मा पुसला, बोट टेकवलं आणि दाढी हलवत वाचायला लागले. "हं... 'सणाआधी'... इथे चुना आहे, लागत नाही... 'राखणदार'..."

"माझं नाव?" याकूमिस पुढे सरकला.

"नाव नाही. नुसतं 'राखणदार'. मग 'वेदी', मग तीन ओळी चुन्याखाली. आणि शेवटी..." ते थांबले. चष्मा काढून पुन्हा पुसला. "शेवटी 'त्याला पदावरून काढावे.'"

मोस्खुलाच्या चमच्यावरून पापुद्रा गळून पडला.

"कशासाठी काढावे?" याकूमिसने विचारलं.

"ते त्या तीन ओळींत असणार."

मग सगळं गाव त्या तीन ओळींच्या मागे लागलं. पण त्या जागी चुना जुना होता, सासूबाईंच्या काळातला, आणि सासूबाई मीठ दोन मुठी घालायच्या. तीन चमचे मोडले. अंधार पडायला लागला तशी माणसं पांगली, पण जाताना प्रत्येकाने याकूमिसच्या टोपीकडे एकदा बघून घेतलं.

रात्री याकूमिसने मसुराचं ताट तसंच बाजूला सारलं. "दोन हजार वर्षांपूर्वीच लिहून ठेवलंय गं," तो म्हणाला. "चुना लागू दिला म्हणून काढा, नाहीतर दगडाला हात लावला म्हणून काढा. मी दोन्ही केलंय."

मोस्खुलाला त्याची दया आली. चौदा वर्षांत त्याची टोपी तिनेच दर शनिवारी ब्रशने झाडली होती. "मॅडमनी पाहिलं तेव्हा दगड कसा होता?" ती म्हणाली. "सहा अक्षरं उघडी, बाकी चुना. मग तसाच करून ठेवा. सहा सोडून बाकीचं झाका. कोणाला कळतंय?"

बुधवारी सकाळी याकूमिसने जन्मात पहिल्यांदा कुंचा हातात धरला. बोट अकराला यायची, म्हणजे गावाच्या हिशोबाने एकला. दहाच्या सुमारास तो जिभेचं टोक दाताखाली धरून, सहा अक्षरांच्या कडेकडेने चुना लावत होता. शेवटची ओळ त्याने दोनदा झाकली. मोस्खुला मागे उभी राहून सांगत होती, "वरून खाली ओढा. असे ठिपके काय देताय? तो कोपरा राहिला."

"काका," मागून आवाज आला.

बोट त्या दिवशी लवकर आली होती. अशी गोष्ट बेटावर कोणाच्याही आठवणीत घडलेली नव्हती.

एवान्थिया मॅडम गल्लीच्या तोंडाशी उभ्या होत्या. एका हातात बॅग, दुसऱ्यात ठशाच्या कागदांची गुंडाळी. त्यांनी दगड पाहिला, जमिनीवरचा पापुद्र्यांचा ढीग पाहिला, मोडके चमचे पाहिले, कुंचा पाहिला. कुंच्यातून थेंब याकूमिसच्या बुटावर पडत होते. त्याने डोक्यावरची टोपी काढली आणि पुढे केली.

"घ्या मॅडम. चूक झाली. काल उकरला, आज झाकला. बायकोचा दोष नाही, तिला मी सांगितलंच नव्हतं."

मॅडम पुष्कळ काही बोलल्या. ते सगळं इथे लिहिण्यासारखं नाही, शिवाय पवित्र आठवडा होता. पण बोलता बोलता त्यांनी बॅगेतून स्पंज काढला होता. ओला चुना भराभर उतरला आणि खालची अक्षरं बाहेर आली, तशा त्या एकदम गप्प झाल्या. मग बॅगेतून बारीक लाकडी काडी निघाली. गाव पुन्हा जमलं. दीड तास काडी चालत होती.

"उघडी सहा अक्षरं उन्हावाऱ्याने झिजलीत," मॅडम शेवटी म्हणाल्या. "चुन्याखालची जशीच्या तशी आहेत. हे मी कुठे बोलले असं सांगू नका."

"आणि त्या तीन ओळी?" पाद्रीबाबांनी विचारलं.

मॅडमनी बोट टेकवलं. त्या ओळी दोनदा मनाशी वाचल्या. मग त्या हसायला लागल्या, आणि हसता हसता त्यांनी मोठ्याने वाचलं : "'वसंतातल्या सणाआधी राखणदाराने वेदी धुवावी आणि स्वतःच्या हाताने तिला चुना लावावा. जो राखणदार स्वतःच्या हाताने लावणार नाही, त्याला पदावरून काढावे.' काका, हीच ती वेदी."

सगळ्यांच्या नजरा याकूमिसच्या हाताकडे वळल्या. हातात कुंचा होता. कोपरापर्यंत चुना होता. पाद्रीबाबांनी नकळत छातीवर क्रुसाची खूण केली. याकूमिसच्या जिवात जीव आला, त्याने टोपी झटकली आणि पुन्हा डोक्यावर ठेवायला वर उचलली.

"थांबा जरा," मोस्खुला म्हणाली. "मॅडम, ते 'स्वतःच्या हाताने' पुन्हा वाचा."

मॅडमनी पुन्हा वाचलं.

"यांनी आज पहिल्यांदा लावला. हा बेचाळिसावा हात. आधीचे एक्केचाळीस कोणाचे?"

आर्गिरोने पायाशी आलेल्या आपल्या मांजराच्या शेपटाकडे पाहत मान डोलावली. याकूमिसची टोपी हवेतच थांबली होती. ती मोस्खुलाने काढून घेतली, झाडली आणि आपल्या डोक्यावरच्या रुमालावर नीट बसवली.

मॅडमनी वही उघडली होती. दगडाची स्थिती, या रकान्यात त्यांनी लिहिलं : मजकुरात सांगितल्याप्रमाणे. पुढचा रकाना राखणदाराच्या नावाचा होता. तिथे पेन अडलं, आणि त्यांनी वर पाहिलं.

"लिहा, मोस्खुला," ती म्हणाली आणि दगडावर बसायला गेली, पण तो आता सरकारी आहे हे आठवून शेजारच्या पायरीवर बसली. "आणि तुम्ही हो, उभे काय राहिलात? चुना सुकतोय. खालच्या तीन पायऱ्या राहिल्यात. वरून खाली ओढा."