ओडेसा मावशीचं मौन

लव्हेलच्या पहिल्याच खेळात ओडेसा मावशीनं घोळ घातला. डेट्रॉइटच्या त्या क्लबात तो एकटा माइकपुढे उभा राहून लोकांना हसवत होता. मधेच ठरल्याप्रमाणे थबकला, कपाळ चोळलं, पुढचं आठवत नसल्याची बतावणी केली. पहिल्या रांगेतली मावशी कळवळून उभी राहिली आणि हात उंचावून म्हणाली, "देवा, सांभाळ रे लेकराला." तिच्या चर्चमध्ये गाऊन उपदेश करताना पास्टर अडखळले, की मंडळी असंच म्हणत त्यांना पैलतीरी नेतात. इथे मात्र लव्हेलचा विनोद मधल्या मधे बुडाला.

दुसऱ्या खेळाला टीव्हीच्या विनोदी कार्यक्रमासाठी कलाकार निवडणाऱ्या बाई येणार होत्या. त्यांनी निवडलं नाही तर हा नाद सोडून मामाच्या टायरच्या दुकानात बसायचं, असं घरी ठरलं होतं. लव्हेलनं मावशीला बोळात नेऊन समजावलं, की तो विसरत नाही, विसरल्यासारखं करतो, ठरवून, दर खेळाला त्याच जागी.

"म्हणजे लबाडीच की."

"आणि पास्टर ईस्टरला गहिवरतात ते?"

"तो पवित्र आत्मा असतो."

"दर वर्षी त्याच ओळीवर?"

"आत्मा वेळेचा पक्का आहे, तुझ्यासारखा नाही."

तरी पोराच्या भल्यासाठी तोंड न उघडण्याचं तिनं कबूल केलं.

दुसरा खेळ रंगात आला, आणि टीव्हीवाल्या बाईंशी नजरानजर होताच लव्हेल खरोखरच सगळं विसरला. दरदरून घाम फुटला. तो मावशीच्याच घरात घोकायचा, त्यामुळे तिला शब्द न् शब्द पाठ होता. त्यानं आशेनं तिच्याकडे पाहिलं. ती ओठ मिटून कौतुकानं डोलत होती. शेजारचा गृहस्थ हळहळला, तसं तिनं त्याला दटावलं, "गप बसा हो. सोंग आहे ते." मावशीची कुजबुज शेवटच्या बाकापर्यंत पोचते. लोक खिदळले.

"मावशी, खरंच विसरलोय गं," तो काकुळतीला आला.

"हे नवीन घातलंय," तिनं मागच्या रांगेला सांगितलं.

"निदान प्रार्थना तरी कर."

"आता नाही मी फसायची."

हशा थांबेना. खेळ संपताच टीव्हीवाल्या बाई हसून आलेलं डोळ्यांतलं पाणी पुसत पडद्यामागे आल्या आणि त्यांनी त्याला निवडलंच. इतकं अस्सल विसरणं आजवर पाहिलं नाही, पुढच्या आठवड्यात कॅमेऱ्यापुढे मावशींसकट नेमकं असंच विसरायचं, म्हणाल्या.

गाडीत बसल्यावर लव्हेलनं स्टिअरिंगवर डोकं टेकलं. आपण खरंच विसरलो होतो, आणि तसं पुन्हा कसं विसरायचं ते देवालाच ठाऊक, असं तो कसंबसं बोलला.

मावशी हसून हसून दमली. मग तिनं त्याच्या पाठीवरून हात फिरवला.

"पुरे कर रे बाळा. इथे आपण दोघंच आहोत."